काळी एक म्हणजे सी शार्प, पण सी म्हणजे सा नव्हे

मे महिन्यात भाची आमच्याकडे सांगलीत विश्रामबागला राहायला आली ती नवा कीबोर्ड घेऊनच. एकसष्ट पट्ट्यांचा. सुट्टीतल्या शिबिरात तिला पट्ट्यांवर लावायला रंगीत स्टिकर दिले होते. एका पांढऱ्या पट्टीवर ‘सी’ आणि त्याच्या खाली ‘सा’, पुढच्या पांढरीवर ‘डी’ आणि खाली ‘रे’, असं थेट ‘नी’पर्यंत.

संध्याकाळी आई भजनाला बसली. आईचा आवाज वयाने उतरलाय. पूर्वी ती काळी पाचात, म्हणजे पेटीवरच्या पाचव्या काळ्या पट्टीला सा धरून गायची, आता काळी तीनवर आली आहे. तिने पेटीवर काळी तीन धरून सा लावला. भाचीने उत्साहाने कीबोर्डवरचा स्टिकर शोधून तिचा सा दाबला. दोन्ही सा एकमेकांना असे चावले की आईने डोळे उघडले.

“आत्या, आजीचा सा चुकला की माझा?”

चूक दोघींचीही नव्हती, स्टिकरची होती. आणि हा घोळ फक्त मुलांचा नाही. भजनी मंडळातल्या कितीतरी जणांनी आता फोनवर तानपुऱ्याचं अ‍ॅप घेतलं आहे. ते उघडलं की विचारतं, सी शार्प हवा की डी? तबलजी विचारतो, काळी एक की पांढरी दोन? बासरी विकत घ्यायला जावं तर तिच्यावर इंग्रजी अक्षर कोरलेलं असतं. तिघेही एकच गोष्ट विचारत असतात, फक्त नावं वेगळी. ही नावं एकदा नीट लावून घेतली की पेटी, पियानो, कीबोर्ड, अ‍ॅप सगळं एकाच नकाशावर दिसायला लागतं.

## आधी काळ्या बघा

पियानोच्या पूर्ण पट्टीवर ८८ पट्ट्या असतात, ५२ पांढऱ्या आणि ३६ काळ्या. एवढ्या पट्ट्यांची नावं पाठ करायची म्हटलं तर कुणीही घाबरेल. पण पांढऱ्यांवरून नजर काढा आणि फक्त काळ्यांकडे बघा. दोन काळ्या जवळजवळ, मग थोडी मोकळी जागा, मग तीन काळ्या, पुन्हा मोकळी जागा, पुन्हा दोन. जोडी आणि तिकडी, जोडी आणि तिकडी, असं या टोकापासून त्या टोकापर्यंत.

सगळा नकाशा एवढाच आहे. एक जोडी, एक तिकडी आणि त्यांच्या आजूबाजूच्या सात पांढऱ्या मिळून बारा पट्ट्यांचा एक संच होतो. पुढे तोच संच परत परत मांडलेला आहे. बारा पट्ट्या समजल्या की ८८ समजल्या.

काळ्या पट्ट्या एकाआड एक सारख्या का नाही बसवल्या, असं भाचीने विचारलं. तसं केलं असतं तर सगळी पट्टी एकसारखी दिसली असती आणि आपण नेमके कुठे आहोत हे बोटांना कधीच कळलं नसतं. जोडी आणि तिकडी हाताला चाचपून लागतात. दिसत नसलेला वादकही पेटीवर बोट फिरवून क्षणात जागा पकडतो ती याच्याच जोरावर. आम्ही हाच खेळ केला. भाचीचे डोळे ओढणीने बांधले आणि तिला जोड्या शोधायला लावल्या. दहा मिनिटांत ती चुकायची थांबली.

## पांढऱ्यांची सात नावं

पांढऱ्या पट्ट्यांना इंग्रजी वर्णमालेतली पहिली सात अक्षरं दिलेली आहेत: ए, बी, सी, डी, ई, एफ, जी. जी नंतर पुन्हा ए. आठवड्याच्या वारांसारखंच. रविवारनंतर पुन्हा सोमवार येतो, आठवडा बदलतो पण वार तोच. इथेही पुढच्या संचातला ए हा आधीच्या ए चाच वरचा भाऊ. मधल्या ए ची तार सेकंदाला ४४० वेळा कंप पावते, हे माप जगभर मान्य आहे. त्याच्या वरचा ए ८८० वेळा आणि खालचा २२० वेळा. बरोबर दुप्पट किंवा निम्मं असल्यामुळेच आपल्या कानाला ते एकाच घरातले वाटतात. आपण याला मंद्र, मध्य आणि तार सप्तक म्हणतो.

आता जागा. जोडीच्या लगेच डावीकडची पांढरी म्हणजे सी. जोडीच्या मधोमध अडकलेली डी. जोडीच्या उजवीकडची ई. तिकडीच्या लगेच डावीकडे एफ, तिकडीच्या मधल्या दोन जागांत जी आणि ए, आणि तिकडी संपल्यावर बी. आधी फक्त सी आणि एफ पक्के करा, बाकीचे त्यांच्या आधाराने सापडतात. सगळ्या पट्टीवरचे सी एकापाठोपाठ दाबत जायचे, मग सगळे एफ. हे दोन दिवस केलं तरी पुरे.

वर्णमाला ए पासून सुरू होते, मग शिकवताना सगळे सी पासून का सुरू करतात? अक्षरं मध्ययुगीन युरोपात ठरली, तेव्हा सी ला असा काही विशेष मान नव्हता. सी पासून निघून फक्त पांढऱ्यांवरून चालत गेलं की जे सप्तक मिळतं ते पुढच्या शतकांत तिथल्या संगीताचा पाया झालं, म्हणून सी पुढे आला. अक्षरांचा जुना क्रम मात्र तसाच राहिला. पियानोची सगळ्यात डावीकडची पट्टी आजही ए च असते.

मोठ्या पियानोवर मधला सी हा डावीकडून चोविसावी पांढरी पट्टी. भाचीच्या एकसष्ट पट्ट्यांच्या कीबोर्डवर तो डावीकडून तिसरा सी.

## आपल्याकडची नावं आधीपासूनच आहेत

हा भाग मला सगळ्यात जवळचा आहे. आपल्या भागातला माणूस पियानोपुढे उगाच बुजतो. वास्तविक पेटीची पट्टी आणि पियानोची पट्टी यांची मांडणी अगदी एक आहे. हार्मोनियमचं पेटंट १८४० च्या दशकाच्या सुरुवातीला पॅरिसमध्ये घेतलं गेलं. पुढे ती आपल्याकडे आली, मांडीशी बसली आणि पेटी झाली. नागठाण्याच्या बालगंधर्वांच्या नाटकांत ऑर्गन वाजायचा, त्याचीही पट्टी हीच. पियानो मोठा असतो आणि पेटी साधारण तीन-साडेतीन सप्तकांची, फरक एवढाच.

आणि आपल्या वादकांनी या पट्ट्यांना स्वतःची नावं दिली, तीही अगदी सरळ. सी पासून पांढऱ्या मोजायच्या: पांढरी एक, पांढरी दोन, अशा पांढरी सातपर्यंत. म्हणजे पांढरी एक सी, पांढरी चार एफ, पांढरी पाच जी. काळ्या वेगळ्या मोजायच्या: जोडीतल्या काळी एक आणि काळी दोन, तिकडीतल्या काळी तीन, चार, पाच. बारा पट्ट्यांची बारा नावं, एकही अक्षर न वापरता. तबल्याच्या दुकानात “काळी एकचा तबला द्या” म्हटलं की दुकानदार दुसरं काही विचारत नाही.

आपण ‘पट्टी’ हा एकच शब्द दोन अर्थांनी वापरतो, हेही लक्षात घ्या. बोटाखाली दाबतो ती पट्टी, आणि “तुम्ही कोणत्या पट्टीत गाता?” यातली पट्टी म्हणजे तुमचा सा जिथे बसतो ती जागा. म्हणजे सा कुठेही बसू शकतो हे आपल्या रोजच्या बोलण्यातच आहे. म्हणून मला त्या स्टिकरचं इतकं वाईट वाटलं.

## काळीला दोन नावं कशी?

इंग्रजी पद्धतीत काळ्यांना स्वतंत्र अक्षर नाही. त्या शेजाऱ्याच्या नावाने ओळखल्या जातात. उजवीकडे एक घर सरकणं म्हणजे शार्प, डावीकडे एक घर सरकणं म्हणजे फ्लॅट. एक घर म्हणजे लगतची पट्टी, ती काळी असो वा पांढरी. काळी एक ही सी च्या उजवीकडे, म्हणून सी शार्प. तीच डी च्या डावीकडे, म्हणून डी फ्लॅट. पट्टी एक, नावं दोन. सुनेला माहेरचे कुणाची तरी मुलगी म्हणून ओळखतात आणि सासरचे कुणाची तरी सून म्हणून, तसंच.

काळी दोन डी शार्प, काळी तीन एफ शार्प, काळी चार जी शार्प, काळी पाच ए शार्प. ई आणि एफ यांच्यामध्ये तसंच बी आणि सी यांच्यामध्ये काळी नाही, तिथे दोन पांढऱ्या एकमेकींना खेटून आहेत. त्यामुळे ई च्या उजवीकडे एक घर गेलं की थेट एफ लागतो. “शार्प म्हणजे काळी” असं पाठ करून ठेवलेली मुलं इथे अडखळतात.

त्याहून मोठी गफलत म्हणजे काळी पट्टी म्हणजे कोमल स्वर (शुद्ध स्वराहून एक घर खालचा), असं समजणं. कोमल आणि शुद्ध हे सा पासून मोजायचं असतं, रंगावरून नाही. सा काळी एकवर धरला तर कोमल रे पांढरी दोनवर येतो आणि शुद्ध ग पांढरी चारवर.

## मग सा नेमका कुठे?

पुणे-बेंगळुरू महामार्गावर किलोमीटरचे दगड असतात. ते हलत नाहीत. साताऱ्याहून एसटीत बसलेल्याला पन्नासेक किलोमीटरवर कराड लागतं. कराडहून बसलेल्याला तेवढ्याच अंतरावर वेगळं गाव लागतं. रस्ता तोच, दगड तेच, पण प्रत्येकाचा प्रवास जिथून बसला तिथून मोजायचा.

सी, डी, ई हे दगड आहेत. सा म्हणजे तुम्ही जिथून बसलात ते ठिकाण. रे म्हणजे तिथून दोन घरं पुढे, ग चार घरं, म पाच, प सात. शुद्ध स्वरांचं पूर्ण सप्तक हवं असेल तर सा पासून उड्या अशा घ्यायच्या: दोन, दोन, एक, दोन, दोन, दोन, एक. सी पासून घेतल्या तर सगळ्या पांढऱ्याच लागतात, आणि यामुळेच सी म्हणजे सा असा भास होतो. याच उड्या काळी एकपासून घ्या: काळी एक, काळी दोन, पांढरी चार, काळी तीन, काळी चार, काळी पाच, पांढरी एक आणि परत काळी एक. बोटांची चाल बदलली, पण कानाला तीच ‘सा रे ग म’ ऐकू येते. पुरुष गायक बऱ्याचदा काळी एक ते काळी दोनच्या आसपास गातात, बायका काळी चार-पाचच्या आसपास. त्यांचा सा त्यांच्या गळ्याने ठरवलेला असतो.

कुणी म्हणेल, मग डो-रे-मीचं काय, तिथे तर सी म्हणजेच डो? फ्रान्स-इटलीत डो हे सी या पट्टीचंच नाव आहे, तिथे डो हासुद्धा रस्त्यावरचा दगड. आपला सा तसा नाही. उच्चार जवळचे वाटतात म्हणून दोन्ही एक धरू नयेत.

## पाच काळ्या, पाच राग

हे समजावून सांगण्यापेक्षा वाजवून दाखवणं सोपं गेलं. भाचीला म्हटलं, पांढऱ्यांना हात लावायचा नाही. आजीचा सा काळी तीनवर आहे ना, तिथून निघ आणि नुसत्या काळ्या वाजवत वर जा. काळी तीन, चार, पाच, मग पुढच्या जोडीतल्या एक आणि दोन, आणि वरची काळी तीन. आई स्वयंपाकघरातून म्हणाली, “भूप वाजवतेय की पोर!” सा, रे, ग, प, ध. अगदी बरोबर भूपाचे स्वर.

आता पट्ट्या त्याच पाच ठेवल्या आणि सा हलवला. काळी एकला सा मानून तिथून काळ्याच वाजवल्या की दुर्गाचे स्वर येतात. काळी दोनला सा मानलं की धानीचे. काळी चारवरून मधमाद सारंगाचे, आणि काळी पाचवरून थेट मालकंसाचे. मालकंस वाजायला लागल्यावर पोर गप्प झाली. तीन मिनिटांपूर्वी ज्या पट्ट्यांतून भूप निघत होता त्यातूनच हे इतकं वेगळं, गंभीर काहीतरी निघत होतं. सोबत तानपुरा नव्या सा वर लावून घ्यायला हवा, नाहीतर कान जुन्याच सा ला धरून बसतो. आम्ही दर वेळी अ‍ॅपमधला सूर बदलत होतो, आणि त्या निमित्ताने सी शार्प, डी शार्प ही नावं तिची आपोआप पाठ झाली.

राग म्हणजे नुसते स्वर नसतात, त्याची चाल, वादी-संवादी, ठेहराव सगळं वेगळं असतं, हे मला ठाऊक आहे. पण पट्टी बदलली नाही आणि तरी स्वरांची नावं बदलली, हे यातून लख्ख दिसतं. आपल्या शास्त्रात याला मूर्च्छना म्हणतात. नुसत्या पांढऱ्यांवरही हे होतं. सी वरून बिलावल, डी वरून काफी, ई वरून भैरवी, एफ वरून कल्याण, जी वरून खमाज, ए वरून आसावरी.

## “सुरुवातीला सी म्हणजे सा सांगितलं तर काय बिघडलं?”

शिबिरात हेच उत्तर मिळालं होतं: मुलं लहान आहेत, पुढे कळेल. मला हे पटत नाही. मूल गाणंही गात असेल, तर त्याचा गळा सी वर बसेलच असं नाही. सा म्हणजे सी हे डोक्यात पक्कं झालं की ते गळा ताणून किंवा दाबून सी पर्यंत नेतं. पुढे दुसऱ्या पट्टीत वाजवायची वेळ येते तेव्हा कीबोर्डवरचं ट्रान्स्पोजचं बटण सापडतं. ते दाबलं की बोट सी वर आणि आवाज एफ शार्पचा. पेटीतही स्केल चेंजर मिळते, तिच्यात अख्खी पट्टी बाजूला सरकते. मैफलीत साथीला बसणाऱ्याची ती खरी सोय आहे आणि तिच्यावर माझा राग नाही. पण शिकणाऱ्याने तिच्यावर टेकून राहिलं की बारापैकी एकाच सा ची ओळख होते आणि उरलेले अकरा परके राहतात.

“आम्हाला काळी-पांढरी येते, मग सी-डी कशाला?” असं आमच्या मंडळातल्या एक काकू म्हणाल्या. घरात पेटीच वाजवायची असेल तर खरंच काही अडत नाही. पण अ‍ॅप, बासरी, गिटारवाला नातू आणि ट्यूनर या सगळ्यांशी बोलायचं तर अक्षरं लागतात. काकूंना मी एका कागदावर बारा नावं समोरासमोर लिहून दिली. त्यांनी तो पेटीच्या झाकणाच्या आतल्या बाजूला चिकटवलाय.

## “पण ही पट्टी मुळातच बेसुरी ना?”

ही शंका जाणकारांची असते आणि ती खरी आहे. पियानोवरची आणि आजच्या कीबोर्डवरची बारा घरं मापाने अगदी समान कापलेली असतात. सा सेकंदाला २४० कंपांचा धरा. गळ्याचा आणि तानपुऱ्याचा नैसर्गिक ग त्याच्या सव्वापट, म्हणजे ३०० कंपांचा. कीबोर्डचा ग मात्र ३०२.४ वर येतो. पंचमात फरक फारच थोडा, ३६० च्या जागी ३५९.६. म्हणून प ठीक वाटतो आणि ग टोचतो.

मग समान का कापली? कारण तसं केलं तरच सा कुठेही बसवता येतो. सी ला सा धरून ग नैसर्गिक जागी लावला, तर काळी तीनचा सा घेणाऱ्याचे स्वर वेडेवाकडे होतील. बारा पट्ट्यांवर बारा माणसांना सारखंच चालता यावं म्हणून प्रत्येक पावलात थोडी तडजोड केलेली आहे. ज्या सोयीने आईला काळी तीन मिळाली, तिचीच ही किंमत.

ही किंमत आपल्याकडच्या लोकांना फार पूर्वी खुपली होती. कृष्णाजी बल्लाळ देवल यांनी १९१० साली बावीस श्रुतींचा, म्हणजे सप्तकातल्या बारीक स्वरस्थानांचा, हिशेब मांडला. क्लेमेंट्स या सनदी अधिकाऱ्याबरोबर त्यांनी श्रुतींची हार्मोनियम करवून घेतली. १९१६ च्या बडोद्याच्या संगीत परिषदेत तिच्यावर वाद झाला. मिरजेत राहिलेले किराणा घराण्याचे गायक अब्दुल करीम खाँसाहेब देवलांच्या बाजूने होते. ती पेटी रुळली नाही. पुढे १९४० मध्ये आकाशवाणीने पेटीला बंदीच घातली, ती सैल व्हायला १९७१ उजाडलं. मला ती बंदी अतिरेकी वाटते. पण तिच्यामागचं कानाचं म्हणणं खोटं नव्हतं.

कीबोर्डवर नकाशा शिकायचा आणि स्वर तानपुऱ्याकडून ऐकायचे, एवढं आमच्या घरात ठरलं. मिरजेत सतारमेकर गल्लीतून जवारी काढून, म्हणजे तारांखालची घोडी घासून नाद खुलवून, आणलेला आईचा तानपुरा आहे. त्याच्या खर्जाच्या, म्हणजे सगळ्यात खालच्या सा च्या, तारेतून कान देऊन ऐकलं की ग आपसूक ऐकू येतो, कुणी छेडलेला नसतानाही. जून उजाडायच्या आत आईने तो काळी तीनवर लावला. मी भाचीला विचारलं, सा इथे असेल तर ग कुठे? तिने स्टिकरकडे बघितलं नाही. चार घरं मोजली आणि काळी पाचवर बोट ठेवलं. मग म्हटलं, आता पट्टी दाबून ठेव आणि तानपुऱ्यातला ग शोध.

ती बराच वेळ कान लावून बसली. आवाजात हलक्या लाटा उठत होत्या.

“आत्या, कीबोर्डचा जरा वर आहे.”

आईने डोळे मिटले आणि खालचा, तानपुऱ्यातला ग गाऊन दाखवला.